एका कर्णधाराची कारकीर्द : प्रस्तावना

खेळाडूचे चरित्र लिहू पाहणाऱ्यापुढे जी पहिली अडचण उभी राहते, ती साधनांच्या दुष्काळाची नसून सुकाळाची असते. राजकारणी पुरुषाची पत्रे गहाळ होतात, कवीच्या वह्या वाळवीच्या भक्ष्यस्थानी पडतात. परंतु ज्याचा प्रत्येक सामना, प्रत्येक गोल आणि मैदानात काढलेला क्षणन्‌क्षण कोणत्या ना कोणत्या दप्तरात रुजू झालेला आहे, त्या व्यावसायिक खेळाडूविषयी आकड्यांपलीकडे सांगण्यासारखे काय उरते, हा प्रश्न चरित्रकाराने आधी स्वतःला विचारला पाहिजे. फिनलंडचा आइस हॉकीपटू साकू कोइवू याच्या बाबतीत तर हा प्रश्न अधिकच निकडीचा आहे. उत्तर अमेरिकेतील नॅशनल हॉकी लीगमधल्या त्याच्या कारकीर्दीचा ताळेबंद मांडला, तर १,१२४ सामने, २५५ गोल आणि ५७७ साहाय्ये एवढी जमा दिसते. आणि ज्या स्टॅनली चषकासाठी तेथील प्रत्येक खेळाडू जिवाचे रान करतो, तो चषक त्याच्या खाती एकदाही पडलेला नाही. त्याचेच देशबंधू घेतले, तर यारी कुर्रीने तो चषक पाच वेळा उचलला आणि तेमू सेलान्नेच्या गोलांची संख्या कोइवूच्या अडीचपटींहून अधिक भरते. आणि तरीही फिनलंडमध्ये, तसेच कॅनडातील माँट्रिअल शहरात, कोइवूचे नाव निघाले म्हणजे ऐकणाऱ्याच्या मुद्रेवर जो आदर उमटतो, तो या दोघांच्या वाट्याला आलेल्या आदराहून तिळभरही उणा नसतो.

हिशेब आणि आदर यांच्यातील ही तफावत कशी पडली, याचा उलगडा करणे एवढाच प्रस्तुत प्रस्तावनेचा हेतू आहे. माझ्या मते त्याचे उत्तर असे की, काही माणसांचे मोल त्यांनी काय मिळविले यावरून ठरते, तर काहींचे, त्यांच्यावर किती जणांनी किती काळ भार टाकला यावरून ठरते. आणि कोइवू हा या दुसऱ्या, संख्येने नेहमीच विरळ असणाऱ्या वर्गातला होय.

हॉकी म्हटले म्हणजे आपल्या डोळ्यांपुढे ध्यानचंदांचा हिरवळीवरील खेळ उभा राहतो. लडाखात गोठलेल्या तळ्यांवर खेळला जाणारा खेळ ज्यांनी पाहिला असेल, त्यांनाच आइस हॉकीची थोडीफार कल्पना असावयाची. म्हणून त्या खेळाची चार लक्षणे येथे सांगणे अवश्य आहे. युरोपात ६० मीटर लांबीचे आणि ३० मीटर रुंदीचे, अमेरिकेत याहून सुमारे चार मीटर अरुंद, असे बर्फाचे मैदान. त्याच्या चहूबाजूंस लाकडी कठड्यासारखी भिंत. आणि चेंडूऐवजी पक, म्हणजे कडक रबराची, सुमारे साडेसात सेंटिमीटर व्यासाची आणि अडीच सेंटिमीटर जाडीची चकती, जी उसळू नये म्हणून सामन्यापूर्वी गोठवून ठेवतात. पोलादी पात्यांच्या बुटांवर सहा-सहा खेळाडू वीस मिनिटांच्या तीन खंडांत झुंजतात. परंतु वेग आणि अंगाला अंग भिडवून अडविण्याची नियमाने दिलेली मुभा यांमुळे दम इतका लवकर उखडतो की, पाऊण मिनिट, फार तर मिनिटभर खेळून झाले की खेळाडू कठड्यावरून बाहेर उडी टाकतो आणि खेळ न थांबविता त्याच्या जागी दुसरा उतरतो. अशा या धुमश्चक्रीत पाच फूट दहा इंच उंचीचा, आडव्या बांध्याच्या मल्लांपुढे किरकोळच भासणारा कोइवू अठरा हंगाम टिकून राहिला, ही गोष्टही कमी लेखण्याजोगी नाही.

तो मध्य आघाडीला, म्हणजे सेंटरच्या जागी, खेळे; आणि त्याच्या स्वभावाची किल्ली या जागेतच आहे. प्रत्येक वेळी खेळ सुरू होताना पंच दोघा सेंटरांच्या मध्ये पक टाकतो आणि तो आपल्या बाजूस ओढण्याची पहिली जबाबदारी सेंटरची असते. डाव्या-उजव्या आघाडीवरचे गडी पुढे थांबले तरी चालते, परंतु सेंटरला आपल्या गोलापर्यंत मागे येऊन बचावास हात द्यावा लागतो आणि पक हाती लागताच तो पुढच्यांच्या स्टिकवर नेऊन पोचवावा लागतो. मोहिमेत किल्ला सर करणाऱ्याचे नाव बखरीत चढते आणि रसद वेळेवर पोचविणाऱ्याचे बहुधा चढत नाही, तसाच हा प्रकार. मात्र या खेळाच्या दप्तरदारांनी एवढा न्याय निश्चित केला आहे की, गोल करणाऱ्याबरोबरच त्याच्या आधी पक देणाऱ्या दोघांपर्यंत प्रत्येकाच्या नावे एक-एक साहाय्य मांडले जाते आणि गुणांच्या बेरजेत साहाय्याची किंमत गोलाइतकीच धरली जाते. कोइवूची साहाय्ये त्याच्या गोलांच्या दुपटीहून अधिक आहेत, हे ध्यानी घेतले म्हणजे वर दिलेला ताळेबंद निराळ्या दृष्टीने वाचता येतो.

त्याचा जन्म २३ नोव्हेंबर १९७४ रोजी तुर्कू येथे झाला. आउरा नदीच्या मुखाशी वसलेले हे नगर फिनलंडातील सर्वांत जुने. १८०९ मध्ये स्वीडनचा अंमल संपून रशियाच्या झारचा अंमल सुरू झाला तेव्हा तेच देशाचे मुख्य ठिकाण होते, आणि पुढे तीनच वर्षांनी तो मान हेलसिंकीस मिळाला. कोइवूचा पिता हॉकी खेळलेला आणि हॉकी शिकविणारा. त्यामुळे साकू आणि सुमारे आठ वर्षांनी धाकटा असलेला त्याचा बंधू मिक्को या दोघांच्याही बाबतीत खेळाची निवड हा प्रश्न घरात कधी उपस्थित झाला असेल असे वाटत नाही. नगरातील टी.पी.एस. या संघातून तो पुढे आला, त्या संघाबरोबर १९९३ आणि १९९५ अशी दोनदा राष्ट्रीय विजेतेपदे त्याने मिळविली. आणि १९९३ साली माँट्रिअल कॅनेडियन्स या संघाने लीगच्या वार्षिक निवडीत एकविसाव्या क्रमांकावर त्याच्या नावाची निशाणी केली.

परंतु परदेशी रवाना होण्यापूर्वी स्वदेशाचे एक जुने देणे फेडावयाचे राहिले होते. जवळजवळ सहा शतके ज्यांच्या राज्यात काढली, त्या स्वीडनविषयी फिनिश मनात जी मिश्र भावना आहे, ती हॉकीच्या मैदानावर जितकी उघड होते तितकी अन्यत्र क्वचितच होत असेल. १९८६ मध्ये मॉस्कोत भरलेल्या जागतिक विजेतेपदाच्या स्पर्धेत स्वीडनविरुद्ध ४-२ अशी आघाडी असताना शेवटच्या मिनिटात दोन गोल खाऊन फिनलंडने विजय घालविला होता. आणि १९९१ मध्ये ही जागतिक स्पर्धा फिनलंडमध्येच भरली असता, तुर्कू हे जिचे एक केंद्र होते त्या स्पर्धेत, तीच ४-२ ची आघाडी त्याच शेवटच्या मिनिटात मॅट्स सुंडीन या तरुण स्वीडिश खेळाडूने दोन गोल करून पुसून टाकली. त्याच सुमारास सोव्हिएत संघराज्य कोसळले, त्याच्याशी चाललेला व्यापार आटला, बँका डळमळल्या आणि १९९४ पर्यंत काम मागणाऱ्या दर सहा फिनांपैकी एक जण बेकार झाला.

अशा मनःस्थितीतील राष्ट्राने १९९५ च्या मे महिन्यात स्टॉकहोममध्ये, स्वीडनच्या राजधानीत, स्वीडनलाच ४-१ असे हरवून आपले पहिले जागतिक सुवर्णपदक जिंकले, तेव्हा हेलसिंकीच्या बाजारचौकात लोटलेल्या जनसागराचा अर्थ खेळाच्या परिभाषेत सांगता येण्याजोगा नव्हता. गमतीचा भाग असा की, फिनलंडच्या संघाचा प्रशिक्षक कुर्ट लिंडस्ट्रॉम हा स्वतः स्वीडिश होता, आणि स्वीडिश संघाच्या गौरवासाठी आधीच तयार करून ठेवलेले गाणे विजयी फिनांनी आपलेसे करून टाकले, ते आजही तिकडे मोठ्या चवीने म्हटले जाते. विल्ले पेल्टोनेन, येरे लेहतिनेन आणि मध्ये कोइवू अशी जी आघाडीची तिकडी त्या स्पर्धेत गाजली, तिला लोकांनी डोनाल्ड डक या चित्रकथेतील तीन खोडकर भाच्यांची नावे बहाल केली होती. अंतिम सामन्यातील पहिले तिन्ही गोल पेल्टोनेनचे. तेव्हा त्या दिवशीचा नायक तो ठरला, हे योग्यच झाले. मात्र स्पर्धेतील सर्वोत्कृष्ट आघाडीपटू म्हणून जाणकारांनी ज्याची निवड केली, तो त्यांच्या मधोमध खेळणारा वीस वर्षांचा कोइवू होता.

त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात तो माँट्रिअलला हजर झाला. ज्यांनी या शहराचा इतिहास वाचलेला नाही, त्यांना तेथे हॉकीस असलेल्या स्थानाची कल्पना येणे कठीण आहे. माँट्रिअल कॅनेडियन्स हा २४ वेळा स्टॅनली चषक जिंकलेला, लीगमधील सर्वाधिक यशस्वी संघ. परंतु फ्रेंच भाषिक क्वेबेक प्रांताच्या दृष्टीने तो संघाहून अधिक काही आहे. १९५५ साली त्यांचा लाडका मोरीस रिशार याला लीगच्या अध्यक्षाने उरलेल्या हंगामापुरते खेळण्यास मनाई केली, तेव्हा शहरात दंगल उसळली होती, एवढा एकच दाखला पुरे. अशा संघाचे कर्णधारपद म्हणजे जाँ बेलिव्हो आणि आँरी रिशार यांच्या गादीवर बसणे. आणि १९९९ च्या सप्टेंबरात जेव्हा कोइवूच्या छातीवर कर्णधाराचे अक्षर लागले, तेव्हा त्या गादीवर बसणारा तो पहिला युरोपीय ठरला. दैवयोग असा की, हे वैभव त्याच्या हाती आले ते ओसरल्यावर आले. संघाने शेवटचा चषक १९९३ मध्ये जिंकला होता, नामवंत खेळाडू एकामागून एक अन्यत्र गेले होते, आणि बाद फेरीत प्रवेश मिळाला तरी समाधान मानावे असे दिवस होते. त्यातच त्याचे गुडघे साथ देईनात. १९९६ च्या डिसेंबरात, लीगमधील गुणांच्या यादीत तो अग्रभागी झळकत असतानाच गुडघ्याचा अस्थिबंध तुटला. आणि तेव्हापासून दुखापत, विश्रांती आणि पुनरागमन हे रहाटगाडगे जणू त्याच्या करारातील एक कलमच होऊन बसले.

या सर्वांवर कडी केली ती २००१ च्या सप्टेंबराने. उन्हाळा फिनलंडमध्ये काढून, पोटातील दुखण्याने बेजार झालेला कोइवू नव्या हंगामासाठी विमानाने माँट्रिअलला परतला तो वांत्यांनी हैराण होऊन. आणि संघाचे वैद्य डॉ. डेव्हिड मल्डर यांनी तपासण्या करविल्या, तेव्हा लसिकाग्रंथींचा कर्करोग, नॉन-हॉजकिन्स लिम्फोमा, असे निदान बाहेर आले. वय सव्वीस. हंगाम तर गेलाच, पण प्राण वाचतील की नाही याचीही हमी कोणी देण्यास तयार नव्हते. त्या हिवाळ्यात जहाल औषधांच्या मात्रांनी केस गेले, वजन उतरले, आणि ज्या शहराने कर्णधाराच्या गुडघ्यांविषयी आजवर कुरकूर केली होती, ते त्याच्या रक्ततपासणीच्या बातम्या वाचू लागले.

९ एप्रिल २००२ च्या संध्याकाळी ऑटावा संघाविरुद्धचा सामना होता. खेळ सुरू होण्यापूर्वी ११ क्रमांकाचा अंगरखा घातलेली ती आकृती बर्फावर उतरली आणि प्रेक्षागारातील एकवीस हजार माणसे उठून उभी राहिली. टाळ्यांचा गजर मिनिटाभराने ओसरेल, दोन मिनिटांनी ओसरेल, असे वाटावे आणि तो नव्याने उसळावा, असे जवळपास आठ मिनिटे चालले. पंच थांबले, प्रतिपक्ष थांबला, आणि कोइवू, ज्याला मान स्वीकारण्याची कला कधीच विशेष साधली नव्हती, पुनःपुन्हा अभिवादन करीत राहिला. या प्रसंगाचे वर्णन चमत्काराच्या भाषेत करण्याचा मोह अनेकांना झालेला आहे. मला त्यातील उत्तरार्ध अधिक महत्त्वाचा वाटतो. हंगामाचे अखेरचे तीन सामने खेळून तो बाद फेरीत उतरला. पूर्व विभागात अव्वल ठरलेल्या बॉस्टन संघाला माँट्रिअलने पहिल्याच फेरीत गारद केले. कॅरोलायनाकडून पुढे पराभव झाला खरा, पण त्या बारा सामन्यांत कोइवूने चार गोल आणि सहा साहाय्ये नोंदविली. पुढच्या हंगामात तर तो सर्वच्या सर्व ८२ सामने खेळला, जे पदार्पणाच्या हंगामानंतर त्याला एकदाही साधले नव्हते आणि पुढेही साधले नाही. चिकाटी आणि खेळावरील निष्ठा यांसाठी दिला जाणारा बिल मास्टरटन चषक २००२ मध्ये त्याला मिळाला, यात आश्चर्य करण्यासारखे काहीच नव्हते.

आजारातून उठलेल्या माणसाने देवाचे आभार मानावे आणि स्वस्थ बसावे, अशी जगाची रीत. कोइवूने मात्र आपल्या आजारातून एक व्यावहारिक धडा घेतला. शरीरातील गाठींचा माग काढणाऱ्या पेट तपासणीची सोय त्याच्यावर उपचार करणाऱ्या माँट्रिअल जनरल हॉस्पिटलमध्ये नव्हती, आणि त्यासाठी त्याला शेरब्रूक शहरापर्यंत प्रवास करावा लागला होता. ज्याच्या दिमतीस एवढा मोठा संघ त्याची ही गत, तर सामान्य रोग्याने काय करावे, या विचारातून त्याने निधी उभा केला, स्वतःच्या नावाची संस्था स्थापिली आणि ते यंत्र त्या रुग्णालयाला मिळवून दिले. नेतृत्व आणि लोकसेवा यांबद्दलचा किंग क्लॅन्सी चषक २००७ साली त्याला मिळाला, त्यामागे हे काम आहे.

या गौरवाच्याच वर्षी त्याच्याविरुद्ध एक फिर्यादही गुदरली गेली, आणि चरित्रकाराने ती झाकून ठेवता कामा नये. १९७७ च्या कायद्याने फ्रेंच ही क्वेबेकच्या सार्वजनिक व्यवहाराची भाषा ठरलेली. आणि इतकी वर्षे या शहरात राहून, त्याच्या सर्वांत लाडक्या संघाचा नायक होऊनही हा गृहस्थ प्रेक्षकांशी फ्रेंचमधून दोन वाक्ये बोलत नाही, असा आक्षेप अल्पसंख्याकांच्या रीतिरिवाजांविषयी नेमलेल्या बूशार-टेलर आयोगाच्या सुनावणीत एका वकिलाने जाहीरपणे घेतला. तक्रार अगदीच निराधार नव्हती. फ्रेंच त्याला समजे, पण चारचौघांत बोलण्याइतका आत्मविश्वास त्याच्यापाशी नव्हता. तथापि येथे एका गोष्टीचे स्मरण ठेवले पाहिजे. ज्याच्या स्वतःच्या मातृभाषेला सरकारदरबारी हक्काची जागा १८६३ च्या फर्मानापर्यंत मिळाली नव्हती, तोवर जेथे कारभार स्वीडिशमधून चाले, आणि ज्याच्या गावातील रस्त्यांच्या पाट्या आजही दोन भाषांत असतात, अशा देशातून तो आला होता. क्वेबेकच्या माणसाला आपल्या भाषेविषयी वाटणारी धास्ती त्याला परकी वाटली असेल, हे मला संभवनीय वाटत नाही. त्याने या वादात प्रतिपक्षाचा उपमर्द केला नाही, संघ सोडण्याची धमकी दिली नाही, आणि कर्णधारपदही टाकले नाही.

दैवाने २००६ मध्ये त्याची परीक्षा दोनदा घेतली. फेब्रुवारीत ट्युरिनच्या ऑलिंपिकमध्ये त्याच्या नेतृत्वाखाली फिनलंडने अंतिम सामन्यापर्यंत एकही पराभव पाहिला नाही. स्पर्धेतील गुणांत तो आणि सेलान्ने प्रत्येकी ११ गुणांनी अव्वल होते. अंतिम सामन्यात समोर पुन्हा स्वीडन, आणि दोन खंडांअखेर २-२ अशी बरोबरी. तिसऱ्या खंडाचा पक पडला तोच कोइवूच्या हातातील स्टिक मोडली. त्या घालमेलीत स्वीडनने मुसंडी मारली आणि अवघ्या दहा सेकंदांत निक्लास लिडस्ट्रॉमने गोल केला. त्याला तो गोल करण्यासाठी पक देणारा सुंडीन होता; १९९१ चा तोच तरुण, आता स्वीडनचा कर्णधार. सामना ३-२ असा गेला. दोनच महिन्यांनी, कॅरोलायनाविरुद्ध माँट्रिअल दोन सामन्यांनी पुढे असताना, एका प्रतिस्पर्ध्याची स्टिक कोइवूच्या डाव्या डोळ्यात लागली. पडदा सुटला, शस्त्रक्रिया झाली आणि त्या डोळ्याच्या कडेची दृष्टी काही अंशी कायमची गेली. कर्णधार गेल्यावर माँट्रिअलने लागोपाठ चार सामने गमावले. ज्या खेळात पक नजरेच्या कोपऱ्यातून टिपावा लागतो, त्या खेळात अशा डोळ्यानिशी परत येऊन पुढील हंगामात त्याने ७५ गुण मिळविले, आणि ती त्याच्या कारकीर्दीतील सर्वोच्च संख्या ठरली.

२००९ मध्ये माँट्रिअलने त्याला निरोप दिला, तेव्हा कर्णधारपदाची त्याची मुदत बेलिव्होच्या दीर्घ मुदतीशी बरोबरी करणारी ठरली होती. उरलेले पाच हंगाम तो कॅलिफोर्नियातील अनाहाइम संघात सेलान्नेच्या सोबतीने खेळला. २०११ च्या जानेवारीत पाहुण्या संघाच्या पोशाखात तो माँट्रिअलला आला, तेव्हा प्रेक्षक पुन्हा उभे राहिले, आणि त्याने त्यांच्याच संघावर गोल केला तेव्हाही त्यांना त्याचा राग आला नाही. २०१४ च्या सप्टेंबरात तो निवृत्त झाला. १९९४, १९९८ व २०१० ची कांस्यपदके आणि २००६ चे रौप्यपदक, अशी ऑलिंपिकची चार पदके त्याच्या घरी आहेत. ऑलिंपिकचे सुवर्ण त्याच्या हयातभरच्या सेवेला लाभले नाही.

टीकाकार म्हणतील की, दुबळ्या संघाचा नायक मोठा भासतो. बलाढ्य संघात हाच खेळाडू दुसऱ्या फळीत बसला असता. या म्हणण्यात तथ्यांश आहे, आणि अनाहाइममध्ये त्याने दुय्यम जागा विनातक्रार पत्करली ती या तथ्याला दुजोराच देते. परंतु बलाढ्य संघाला नायक मिळणे सोपे असते. पडत्या काळात, लोकांचा संयम सुटलेला असताना, दहा वर्षे तीच खुर्ची सांभाळणारा माणूस शोधणे अवघड असते, आणि माँट्रिअलच्या त्या दशकाला तो सापडला होता. २०११ साली ब्रातिस्लाव्हात फिनलंडने स्वीडनचा ६-१ असा धुव्वा उडवून आपले दुसरे जागतिक सुवर्णपदक जिंकले; त्या संघात साकू नव्हता, पण कर्णधाराचे नाव मिक्को कोइवू होते. भाऊ भावाला आपली पदके देऊ शकत नाही. भार कसा वाहावा हे मात्र त्याला दाखवू शकतो, आणि फिनिश हॉकीच्या त्या पिढीने ते साकूकडे पाहूनच शिकून घेतले, असे मी निःशंकपणे म्हणेन.